टीमचा मालक गोल मारतो का?

दोस्तांनो, रत्नागिरीत मांडवीच्या वाळूत फुटबॉल खेळताना पाहिलंय ना? बॉल ज्याचा, त्याचाच रुबाब! पेनल्टी तोच मारणार. आणि चिडला, की बॉल काखोटीला मारून थेट घरी. खेळ खल्लास!

आता ओळखा पाहू, मोठ्यांच्या खऱ्याखुऱ्या टीमलाही असा मालक असतो का?

असतो की! आणि असे मालक आपल्या शेजारीच, गोव्यात आहेत. रत्नागिरीहून कोकण रेल्वेत बसा आणि मडगावला उतरा. पोचलात फुटबॉलवेड्यांच्या मुलखात!

गोव्याच्या डोंगरांत लोहखनिज सापडतं. ते खणायचं, बार्ज नावाच्या सपाट बोटीत भरायचं, मुरगाव बंदरात न्यायचं आणि जहाजाने परदेशी धाडायचं. हे बार्ज ज्या नदीतून जातात, तिचं नावही मांडवीच बरं का! या धंद्यातली दोन बडी घराणी होती साळगावकर आणि धेंपो.

व्ही. एम. साळगावकरांनी १९५६ मध्ये फुटबॉलची टीम काढली. १९५६ मध्ये! तेव्हा गोव्यावर पोर्तुगिजांचं राज्य होतं. आणि आपला महाराष्ट्र? तो तर १९६० चा. म्हणजे ही टीम आपल्या राज्याहून चार वर्षांनी थोरली!

धेंपोंचीही टीम होती. मग काय, दोघांची जुंपलीच! देशातली तेव्हाची सगळ्यात मोठी लीग धेंपोने पाच वेळा जिंकली, साळगावकरने दोन वेळा. दोन्ही टीम समोरासमोर आल्या, की गोव्यात घराघरांत वाद.

आणि आता खरी गंमत ऐका. २०१४ मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली आणि ‘एफसी गोवा’ ही नवी टीम निघाली. तिचे मालक कोण असतील? श्रीनिवास धेंपो आणि दत्तराज साळगावकर! हो, त्याच दोन घराण्यांतले! सोबत व्हिडिओकॉन कंपनीचे वेणुगोपाळ धूतही होते. एवढे जुने प्रतिस्पर्धी चक्क एका टीमचे भागीदार झाले, आणि तिकडे त्यांच्या जुन्या टीम आय-लीग या जुन्या लीगमध्ये एकमेकींशी लढतच होत्या. मला तर या सगळ्या गोष्टीत हाच भाग सगळ्यात भारी वाटतो!

या नव्या टीमच्या बिल्ल्यावर कोण आहे, माहितीय? गवा! आपल्या सह्याद्रीत फिरतो ना, तोच.

बरं, मालकाच्या मालकीचं असतं तरी काय? मैदान? छे! एफसी गोवा खेळते ते मडगावजवळचं फातोर्डा स्टेडियम सरकारचं आहे. मग खेळाडू? मुळीच नाही, माणूस काय विकत मिळतो? मालकाकडे असतो फक्त करार. ‘मी इतकी वर्षं तुमच्याकडून खेळीन’ असा कागद. मुदत संपली, की खेळाडू मोकळा!

मग कोणाला खेळवायचं हे तरी मालक ठरवतो का? तेही काम कोचचं. मालकाने सूट-बूट घालून स्टँडमध्ये बसायचं आणि नखं खायची!

त्याच्या वाट्याला येतं टीमचं नाव, बिल्ला आणि... खर्च! पगार, प्रवास, हॉटेल, डॉक्टर, सगळं त्याच्या खिशातून. तिकिटं आणि जाहिरातींतून पैसे येतात खरे, पण आपल्या देशात बहुतेक टीमना ते पुरत नाहीत.

एक ताकद मात्र मालकाकडे असतेच. बॉल काखोटीला मारून घरी जायची! मुंबईची ‘महिंद्रा युनायटेड’ आठवते का, ते तुमच्या बाबांना विचारा. २००५-०६ ची राष्ट्रीय लीग जिंकलेली टीम! २०१० मध्ये कंपनीने ती बंद केली. गोल थांबवायला गोलकीपर असतो, पण हा निर्णय थांबवायला कोणीच नव्हतं. २०१६ मध्ये धेंपो आणि साळगावकर यांनीही आपल्या टीम आय-लीगमधून काढून घेतल्या. धेंपोची टीम मात्र २०२४ मध्ये परत आली. शाब्बास!

आता एक काम करा. टीव्हीवर मॅच लागली, की खेळाडूच्या छातीवर मोठ्या अक्षरांत काय लिहिलंय ते वाचा. मालकाचं नाव? बहुतेक वेळा नाही! ते जाहिरातदाराचं नाव असतं. त्या जागेचे तो टीमला पैसे मोजतो. मालक कोण, ते मात्र तुम्हालाच शोधावं लागेल. सापडला तर आम्हाला नक्की कळवा!