अष्टपाद प्राणी : मित्र कोण, शत्रू कोण ?

मराठीत ‘कोळी’ या एकाच शब्दाने दोन निराळे जीव ओळखले जातात. भाताच्या बुंध्याशी तुडतुडे पकडणारा तो कोळी, आणि वांग्याच्या पानामागे दडून रस शोषणारा तोही कोळीच. पहिला शेताचा राखणदार, दुसरा पिकाचा वैरी. ‘पिकावर कोळी पडला’ एवढे ऐकताच औषध फवारले, तर पुष्कळदा राखणदारच मारला जातो. म्हणून या प्राण्यांची नीट ओळख शेतकरी व ग्रामकार्यकर्ते या दोघांसही असणे अगत्याचे आहे.

ओळखीच्या खुणा

कीटकास सहा पाय, शरीराचे तीन भाग व डोक्यावर दोन मिशा असतात. कोळी, विंचू, गोचीड यांस मिशा नसतात, पंखही नसतात, आणि पाय सामान्यतः आठ असतात. म्हणून शास्त्रज्ञांनी त्यांचा ‘अष्टपाद’ हा स्वतंत्र वर्ग मानला आहे. जाळे विणणाऱ्या कोळ्याच्या शरीराचे दोन भाग असून त्यांच्यामध्ये बारीक कंबर असते. उलट लाल कोळी व गोचीड यांचे शरीर थैलीसारखे अखंड दिसते.

शेतातील राखणदार

खऱ्या कोळ्यांच्या ५०,००० हून अधिक जाती ज्ञात आहेत व जवळजवळ सर्व शिकारी आहेत. भातखाचरातील लांडगा कोळी जाळे विणत नाही. तो पाण्यावरून व चुडांमधून धावत दिवसाकाठी ५ ते १५ तुडतुडे फस्त करतो. हंगामाच्या आरंभीच तीव्र कीटकनाशक फवारल्यास हा कोळी मरतो. परंतु पानाच्या आवरणात घातलेली तुडतुड्यांची अंडी सुरक्षित राहतात. पुढे पिले निघतात तेव्हा त्यांस खाणारा कोणी उरत नाही, आणि कीड पूर्वीपेक्षा अधिक वाढते.

लाल कोळी

हा टाचणीच्या टोकापेक्षाही लहान असतो. कोरड्या व उष्ण हवेत भेंडी, वांगी, गुलाब यांच्या पानांखाली तो झपाट्याने वाढतो. पानांवर फिकट ठिपके पडतात व बारीक जाळी दिसते. पान पांढऱ्या कागदावर झटकून भिंगाने पाहिल्यास हालणारे ठिपके दिसतात. तो कीटक नसल्यामुळे अनेक कीटकनाशके त्यास लागू पडत नाहीत. उलट पायरेथ्रॉइड गटातील औषधांनी त्याचे नैसर्गिक शत्रू मरून तो फोफावतो. पाण्यात मिसळणारे गंधक वेष्टनावरील प्रमाणात फवारावे. मात्र कडक उन्हात किंवा वेलवर्गीय पिकांवर ते वापरू नये, पाने करपतात.

याच्याच नात्यातील गोचीड जनावरांचे रक्त शोषते व संकरित गाईंत थायलेरियाचा घातक ताप पसरविते. गोठ्याच्या भेगा बुजविणे हा तिच्या बंदोबस्ताचा पहिला उपाय होय.

विंचू

‘विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर’ ही म्हण शास्त्रास धरूनच आहे. विंचवीण जिवंत पिलांस जन्म देते व ती पहिली कात टाकीपर्यंत त्यांस पाठीवर वागविते. मोठ्या नांग्यांचा काळा विंचू भयंकर दिसतो. परंतु बारीक नांग्यांचा तांबडा विंचूच अधिक घातक होय. कोकणात त्याच्या दंशाने अनेकांचे प्राण गेले आहेत. महाडचे डॉ. हिंमतराव बावसकर यांनी या दंशावर प्राझोसिन हे औषध उपयुक्त ठरते असे दाखवून दिले. १९८६ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात त्याची माहिती प्रसिद्ध झाली, आणि पुढे मृत्यूचे प्रमाण पुष्कळ घटले.

दंशानंतर दरदरून घाम, उलट्या, हातपाय गार पडणे ही धोक्याची लक्षणे होत. मंत्र, अंगारा यांत वेळ न दवडता रोग्यास, विशेषतः लहान मुलास, तत्काळ दवाखान्यात न्यावे. गवताच्या गंज्या, दगड, सरपण हलविताना उघडा हात घालू नये; पादत्राणे झटकून घालावीत. अतिनील प्रकाशाच्या विजेरीत विंचू हिरवट चमकतो, त्यामुळे रात्री तो सहज सापडतो.

सारांश, फवारणीचा पंप उचलण्यापूर्वी भिंग उचलावे. पाय मोजावेत, कंबर पाहावी, आणि मगच औषधाचा विचार करावा. राखणदार वाचला, तर औषधाचा खर्चही वाचतो.