पीआरची फी आणि कापसाची पट्टी

विदर्भातल्या बाभुळगावला कापूस विकला की शेतकऱ्याच्या हातात पट्टी पडते. वजन, भाव, हमाली, तोलाई, सगळं वेगवेगळ्या ओळींत. चुकारा कमी आला तर कुठे कमी झाला ते त्या कागदावरून कळतं. त्याच घरातला इंजिनिअर मुलगा बायको-लेकरासह कॅनडाला कायमचा राहायला निघतो, तेव्हा मात्र बापाला एकच ठोक आकडा सांगितला जातो. त्यात तिथल्या सरकारचे किती, एजंटचे किती, अर्ज फेटाळला तर परत काय मिळणार, याची पट्टी कुणी मागत नाही. ती मागायलाच हवी.

सरकारी भाग आधी मांडू. ३० एप्रिल २०२४ ला लागू झालेल्या दरानं, कुशल कामगारांसाठीच्या एक्स्प्रेस एंट्री योजनेतून जाणाऱ्या प्रत्येक मोठ्या माणसाची अर्जछाननीची फी ९५० कॅनडियन डॉलर आणि कायम रहिवासाच्या (पीआरच्या) हक्काची ५७५. मुलाचे २६०, मुलांना हक्काची फी नाही. बोटांचे ठसे आणि फोटो यांचे माणशी ८५, कुटुंबाला जास्तीत जास्त १७०. नवरा-बायको आणि एक मूल धरलं की ३,४८० डॉलर होतात. डॉलर साठ रुपयांचाच धरला तरी दोन लाखांच्या वर. २०२५-२६ चा लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव ८,११० रुपये क्विंटल होता. म्हणजे जवळजवळ २६ क्विंटल कापूस. कोरडवाहू रानात एकरी पाच-सहा क्विंटल धरले तर चार-पाच एकरांचा अख्खा हंगाम. बाहेरून किरकोळ दिसणारी ही फी बाभुळगावच्या घरात केवढी मोठी असते, ते यावरून कळावं.

यातल्या पहिल्या दोन रकमांचा स्वभाव अगदी वेगळा आहे. ९५० डॉलर ही छाननीची मजुरी. अर्ज अपुरा म्हणून तसाच परत आला तर ते मिळतात. पण छाननी सुरू झाल्यावर निकाल काहीही लागो, ते गेले. ५७५ डॉलर ही हक्काची किंमत. अर्ज नामंजूर झाला, आपण मागे घेतला किंवा शेवटी जाणंच रद्द झालं, तर ते परत मिळतात. ही रक्कम अर्जासोबतच भरायची सक्तीही नाही, मंजुरीच्या आधी मागितल्यावर भरली तरी चालते. पण तेव्हा दर वाढला असेल तर वाढीव दर लागतो, आणि ती भरेपर्यंत काम थांबतं. दर दोन वर्षांनी एप्रिलअखेर हे दर महागाईप्रमाणे बदलतात, म्हणून भरण्याच्या दिवशीचा दर कॅनडा सरकारच्या संकेतस्थळावरच पाहावा. जवळ पैसे असतील तर दोन्ही एकदम भरावेत, असं माझं मत. जमीन गहाण टाकून पैसा उभा करणाऱ्याला मात्र तेवढी सवड मोलाची असते.

या हक्काच्या फीला इतिहास आहे आणि तो आपल्याशी जोडलेला आहे. चिनी माणसाकडून कॅनडा १८८५ पासून डोईपट्टी घेत असे. ५० डॉलरपासून ती १९०३ मध्ये ५०० वर गेली. १९०८ मध्ये हिंदुस्थानातून येणाऱ्यांवर खिशात २०० डॉलर हवेत अशी अट लादली गेली, सोबत न थांबता थेट प्रवासाचीही. १९९५ मध्ये सगळ्याच प्रौढ स्थलांतरितांवर ९७५ डॉलरची फी बसली, तेव्हा टीकाकारांना ती जुनी डोईपट्टीच आठवली. २००६ मध्ये ती ४९० वर आली. त्याच वर्षी जून महिन्यात कॅनडाच्या पंतप्रधानांनी डोईपट्टीबद्दल चिनी समाजाची जाहीर माफी मागितली.

आता भरण्याची गोष्ट, कारण बहुतेकांचं घोडं इथेच अडतं. ही फी ऑनलाइन, कार्डानंच भरायची असते. यूपीआय चालत नाही, रुपे कार्डही नाही. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमानं नव्या कार्डावर ऑनलाइन आणि परदेशी व्यवहार मुळात बंदच असतात. बँकेच्या ॲपमधून किंवा शाखेत जाऊन ते सुरू करावे लागतात, मर्यादाही वाढवून घ्यावी लागते. त्यावर परकीय चलनाचा अधिभार, बऱ्याच कार्डांवर साडेतीन टक्क्यांपर्यंत. दोन लाखांवर ते सात हजार होतात! अर्जाचं आमंत्रण आल्यावर ६० दिवसांत सगळं पूर्ण करायचं असतं, तेव्हा कार्डाची तयारी आमंत्रणाआधीच करावी. कार्ड पुण्यातल्या मामाचं असलं तरी चालतं. पावती डाउनलोड करून अर्जाला जोडायची असते. म्हणूनच 'सरकारी फी रोख द्या' असं कुणी म्हणालं तर पैसे देऊ नयेत; त्या सरकारची रोख घेणारी खिडकी बाभुळगावातही नाही आणि नागपुरातही नाही. सल्ल्याचे पैसे घेणारा माणूस कॅनडातला वकील किंवा तिथल्या सल्लागार परिषदेचा परवानाधारक आहे का, हेही विचारावं. तिथल्या निर्वाहासाठी पैसे आहेत म्हणून खात्यात दाखवायची मोठी रक्कम ही फी नाही, ती आपलीच राहते. एजंटच्या हिशेबात ती मिसळू देऊ नका.

कोणत्याही दरपत्रकात न दिसणारा एक खर्च उरतो, तो प्रवासाचा. पोलिसांच्या दाखल्याची फी ५०० रुपयेच आहे, पण आपला बाभुळगाव तालुका नागपूरच्या पासपोर्ट कार्यालयाच्या हद्दीत येतो. ठशांचं केंद्र तर विदर्भात नाहीच. मुंबई-पुण्यासारखं केंद्राचं शहर गाठावं लागतं, पत्र आल्यापासून ३० दिवसांत. धामणगावहून रेल्वेची तिकिटं आधीच काढून ठेवावीत. चौदा वर्षांखालच्या मुलाचे ठसे लागत नाहीत, त्यामुळे नात एवढ्या दिवसांपुरती आजीजवळ बाभुळगावलाच राहू शकते.