मोहन जमलं की शंकरपाळी जमली

तायांनो, डाळजच्या बैठकीत प्रश्न आला, "आमच्या खाऱ्या शंकरपाळ्या चिवट का होतात?" बहुतेक वेळा चूक मोहनात असते.

४ वाट्या मैद्यात अर्धी वाटी कडकडीत तेल घाला. आधी चमच्याने हलवा, सोसेल तेव्हा दोन्ही हातांनी चोळा. पिठाच्या कणांना तेल लागलं की पाणी आत कमी शिरतं, म्हणून चिवटपणा येत नाही. आता मूठ वळून बघा. मुटका टिकला आणि बोटाने दाबताच भुगा झाला, तर मोहन बरोबर. वळलाच नाही तर कमी. फार जास्त झालं तर शंकरपाळी तेलात फुटते.

परदेशात असाच चुरा लोणी-साखरेचा करून फळांवर पसरून भाजतात.

दिवाळीच्या ऑर्डरला गटात मापाची वाटी एकच ठेवा. दर घाण्याला चव बदलली, की गिऱ्हाईक तुटलंच समजा.