गेम अडखळतो म्हणून राखणदाराला घरी पाठवू नका : अँटिव्हायरस आणि कॉम्प्युटर गेम



सुट्ट्या लागल्या की पालकांचा एक प्रश्न हमखास येतो. "सर, पोरगं म्हणतंय अँटिव्हायरसमुळं गेम अडकतोय, काढून टाकू का?" बऱ्याच घरांत तर हा प्रश्न विचारलाही जात नाही. मुलानं व्हिडिओ पाहून अँटिव्हायरस बंद केलेला असतो आणि घरात कुणाला पत्ताही नसतो. त्याच कॉम्प्युटरवर आईचं बँकेचं काम चालतं, वडिलांचे सातबाऱ्याचे उतारे असतात, ताईचे कॉलेजचे फॉर्म असतात. त्यामुळे हा प्रश्न खेळाचा वाटला तरी सगळ्या घराचा आहे.

मुलाचं म्हणणं अगदीच खोटं नसतं, हे आधी मान्य करू. अँटिव्हायरसमुळे गेम मंदावू शकतो. पण त्यावरचा उपाय अँटिव्हायरस काढणं हा नाही. तो का मंदावतो आणि काय करायचं, हे आज नीट समजून घेऊ.

अँटिव्हायरस नेमकं करतो काय?

आपल्या पेठ, मंचर, नारायणगाव भागात कांद्याची बराख सगळ्यांनी पाहिलेली आहे. समजा, बराखीच्या दारात तुम्ही एक राखणदार बसवला. आत येणारी प्रत्येक गोणी तो उघडून बघतो, सडका कांदा नाही ना, याची खात्री करतो आणि मगच आत सोडतो. रोजच्या दहा-वीस गोण्यांना काही अडचण येत नाही. पण ट्रॅक्टर भरून माल आला की दारात रांग लागते. राखणदार कामचुकार नाही. उलट तो काम करतोय म्हणूनच रांग लागली आहे.

अँटिव्हायरसचं 'रिअल-टाइम प्रोटेक्शन' असंच चालतं. कॉम्प्युटरवर एखादी फाइल उघडली किंवा नवीन लिहिली गेली, की अँटिव्हायरस मध्ये पडून ती तपासतो. एकदा तपासलेली आणि न बदललेली फाइल तो बहुधा लक्षात ठेवतो, त्यामुळे पुन्हा तेवढा वेळ लागत नाही. वर्डची एक फाइल उघडताना हे आपल्याला जाणवतही नाही. गेम मात्र सुरू होतानाच शेकडो-हजारो फाइली मागतो. त्यांत चित्रं, आवाज, नकाशे असं सगळं येतं.

इथे मुलांना एक गणित घालता येईल. समजा, गेमला २००० फाइली लागतात आणि प्रत्येकीच्या तपासणीला ५ मिलिसेकंद जास्त लागतात. एकूण किती? १०,००० मिलिसेकंद, म्हणजे १० सेकंद. पाच मिलिसेकंद कुणाच्या खिजगणतीत नसतात, पण दहा सेकंद मुलाला चांगलेच कळतात.

आता दुसरं गणित. गेम सेकंदाला ६० चित्रं दाखवत असेल, तर एका चित्राला साधारण १६.७ मिलिसेकंद मिळतात. मध्येच एखाद्या फाइलसाठी गेमला १०० मिलिसेकंद थांबावं लागलं, तर सहा चित्रं गेली. मुलं "झटका बसतो" म्हणतात, तो हाच.

सगळा मंदपणा एकसारखा नसतो

दवाखान्यात "बरं नाही" एवढंच सांगून भागत नाही, कुठे दुखतंय तेही सांगावं लागतं. गेमचंही तसंच आहे. मुलाला विचारा, नेमकं काय होतं?

१. गेम उघडायलाच फार वेळ लागतो, किंवा नवीन भागात शिरताना अडकतो. इथे अँटिव्हायरसचा हात असू शकतो.

२. गेम छान चालू असतो आणि अचानक दहा-पंधरा मिनिटं सगळाच कॉम्प्युटर जड होतो. अशा वेळी बहुधा मागे 'स्कॅन' किंवा 'अपडेट' सुरू झालेलं असतं.

३. गेम पहिल्यापासून शेवटपर्यंत सारखाच हळू चालतो. इथे अँटिव्हायरसचा दोष क्वचितच असतो. रॅम कमी असते, ग्राफिक्स कार्ड नसतं, किंवा पंख्यात धूळ साचून मशीन तापलेलं असतं.

४. चित्र स्वच्छ चालतं, पण ऑनलाइन खेळताना आपला खेळाडू उशिरा हलतो. हा सहसा इंटरनेटचा प्रश्न असतो. त्यासाठी अँटिव्हायरसला शिव्या देऊन उपयोग नाही.

आधी पुरावा, मग शिक्षा

विज्ञानाच्या तासाला आपण शिकवतो की एका वेळी एकच गोष्ट बदलायची आणि बाकी सगळं तसंच ठेवायचं. तोच धडा इथे वापरा.

कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकत्र दाबली की 'टास्क मॅनेजर' उघडतो. त्यात सीपीयू, मेमरी आणि डिस्क असे रकाने दिसतात. गेम अडकला की लगेच तिथे बघा, सगळ्यात वर कोण आहे? विंडोजसोबत येणारा डिफेंडर तिथे 'अँटीमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल' या नावानं दिसतो. तो वर असेल आणि डिस्क शंभर टक्क्यांच्या आसपास असेल, तर संशय खरा आहे. गेमच वर असेल, तर अँटिव्हायरस निर्दोष आहे.

याची नोंद वहीत करायला लावा. एकच गेम, एकच ठिकाण, घड्याळ लावून तीन वेळा. मग एक बदल करून पुन्हा तीन वेळा. तीनदा का? कारण पहिल्या वेळी कॉम्प्युटर फाइली डिस्कवरून वाचतो आणि दुसऱ्या वेळी त्यातल्या बऱ्याच मेमरीतच तयार असतात. एकदाच मोजलं तर आकडा फसवतो.

उपाय : सोप्याकडून अवघडाकडे

एक, घरात एकच राखणदार ठेवा. "दोन अँटिव्हायरस म्हणजे दुप्पट सुरक्षा" हा समज चुकीचा आहे. दोघेही प्रत्येक फाइल उघडून बघतात आणि कधी कधी एकमेकांच्या कामावरच संशय घेतात. दुसरा अँटिव्हायरस टाकला की घरच्या विंडोज १० आणि ११ मधला डिफेंडर सहसा आपणहून बाजूला होतो. खरी पंचाईत होते ती लॅपटॉपबरोबर आलेल्या, मुदत संपलेल्या अँटिव्हायरसची. तो जागा अडवून बसतो, पण नव्या व्हायरसची माहिती त्याला मिळत नाही. एक तर त्याचं नूतनीकरण करा, नाहीतर सेटिंग्जमधल्या 'अ‍ॅप्स'मधून तो पूर्ण काढा. काढून कॉम्प्युटर पुन्हा सुरू केल्यावर डिफेंडर चालू झाला आहे ना, हे नक्की तपासा.

दोन, स्कॅनची वेळ ठरवा. शहरातले लेख सांगतात, "स्कॅन रात्री दोनला लावा." आपल्याकडे हे जमत नाही. रात्री मेन स्विच बंद करायची सवय असते, शिवाय लाइटचा भरवसा नाही. मग काय होतं? रात्रीचं राहिलेलं स्कॅन बरेच अँटिव्हायरस दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटर चालू केल्यावर उरकून घेतात, आणि नेमका तेव्हाच मुलगा गेमला बसलेला असतो! म्हणून कॉम्प्युटर चालू आहे पण त्यावर जड काम नाही, अशी वेळ निवडा. रविवारी सकाळी चहा-नाश्त्याच्या वेळी 'क्विक स्कॅन' हातानं सुरू केलं तरी चालेल.

तीन, गेम मोड वापरा. बऱ्याच अँटिव्हायरसमध्ये 'गेमिंग मोड' किंवा 'सायलेंट मोड' असतो. त्यात खेळ चालू असेपर्यंत सूचना येत नाहीत आणि पुढे ढकलता येणारी कामं थांबतात, पण पहारा चालू राहतो. विंडोजमध्येही सेटिंग्जमधल्या 'गेमिंग' विभागात 'गेम मोड' आहे. त्यामुळे खेळाच्या मध्येच विंडोज अपडेट ड्रायव्हर बसवत नाही.

चार, गरज पडली तरच सूट द्या. एवढं करूनही गेम अडकत असेल आणि टास्क मॅनेजरचा पुरावा अँटिव्हायरसकडेच बोट दाखवत असेल, तर 'एक्सक्लूजन' म्हणजे तपासणीतून सूट देता येते. डिफेंडरमध्ये रस्ता असा : 'विंडोज सिक्युरिटी', त्यात 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन', मग 'मॅनेज सेटिंग्ज', खाली 'एक्सक्लूजन्स', 'अ‍ॅड ऑर रिमूव्ह एक्सक्लूजन्स' आणि शेवटी 'फोल्डर'. स्टीमवरून घेतलेल्या गेमचा फोल्डर शोधायचा असेल, तर गेमच्या नावावर राइट क्लिक करून 'मॅनेज' आणि मग 'ब्राउज लोकल फाइल्स' करा.

सूट देण्याचे नियम मात्र कडक ठेवा. फक्त त्या एका गेमच्या फोल्डरला सूट द्यायची. पूर्ण 'डी' ड्राइव्हला नाही, डेस्कटॉपला नाही आणि 'डाउनलोड्स'ला तर मुळीच नाही. गेम अधिकृत ठिकाणाहून घेतलेला असला पाहिजे. सूट दिलेल्या फोल्डरमध्ये पुढे कुणी काहीही आणून टाकलं, तरी राखणदार तिकडे बघणार नाही. म्हणून महिन्यातून एकदा सूट काढा, तो फोल्डर तपासून घ्या आणि मग पुन्हा द्या. गेम खेळणं सोडलं, तर सूटही काढून टाका.

आणि पूर्ण बंद करणं? डिफेंडरचं रिअल-टाइम प्रोटेक्शन सेटिंग्जमधून बंद केलं, तरी थोड्या वेळानं ते आपोआप चालू होतं. तशी रचना मुद्दामच केलेली आहे. ते कायमचं बंद करायच्या युक्त्या सांगणारे व्हिडिओ भरपूर आहेत. त्या वाटेला जाऊ नका.

"आधी अँटिव्हायरस बंद करा" : ही धोक्याची घंटा

आता सगळ्यात महत्त्वाचं. विकतचा गेम फुकटात मिळावा म्हणून मुलं 'क्रॅक' केलेली प्रत शोधतात. तिच्यासोबतच्या सूचनेत बहुतेक वेळा पहिली ओळ असते : "इन्स्टॉल करण्यापूर्वी अँटिव्हायरस बंद करा." मुलाला वाटतं, गेम वेगानं चालावा म्हणून सांगितलंय. आता विचार करा, एखादा अनोळखी माणूस वाड्याच्या दारात येऊन म्हणाला, "आधी कुत्रं बांधा, मग मी आत येतो. पण पिशवीत काय आहे ते विचारू नका." आपण त्याला आत घेऊ का?

अशा प्रतींमधून पासवर्ड चोरणारे, किंवा फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारे प्रोग्राम येऊ शकतात. असा खंडणीचा प्रकार किती पसरू शकतो, हे मे २०१७ मध्ये 'वॉनाक्राय'नं दाखवलं. दीडशेहून अधिक देशांतले कॉम्प्युटर त्यात सापडले. ज्या फटीतून तो शिरला, ती बुजवणारं अपडेट मायक्रोसॉफ्टनं दोन महिने आधीच, मार्चमध्ये दिलेलं होतं. ज्यांनी ते टाकलं नव्हतं, ते अडकले. म्हणून अँटिव्हायरसइतकंच विंडोजचं अपडेटही महत्त्वाचं आहे. विंडोज १० चा नियमित मोफत आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला, हेही ध्यानात ठेवा.

आणि समजा पैसे गेलेच, तर लाजेपोटी गप्प बसू नका. सायबर फसवणुकीसाठी १९३० हा राष्ट्रीय हेल्पलाइन क्रमांक आहे. जितक्या लवकर फोन कराल, तितकी पैसे मध्येच अडवले जाण्याची शक्यता जास्त. मुलांनाही सांगून ठेवा, "चूक झाली तर आधी आम्हाला सांग, रागावणार नाही." मारून मुलं खरं सांगत नाहीत, लपवायला शिकतात.

वर्गात सांगायला एक गोष्ट

मुलांना वाटतं ही सगळी परदेशातली विद्या. त्यांना सांगा, आपल्या गावाचं नाव पेठ, आणि भारतातला एक नावाजलेला अँटिव्हायरस पुण्याच्या मंगळवार पेठेतल्या एका दुरुस्तीच्या दुकानातून पुढे आला. सातारा जिल्ह्यातले कैलास काटकर दहावीनंतर कॅल्क्युलेटर दुरुस्त करायला शिकले. पुढे कॉम्प्युटर दुरुस्तीला यायला लागले, तेव्हा त्यांच्या लक्षात आलं की कितीतरी मशीन व्हायरसमुळे बिघडतात. धाकटे भाऊ संजय कॉम्प्युटर शिकत होते. त्यांनी हे व्हायरस काढणारे छोटे प्रोग्राम लिहिले, आणि त्यातूनच 'क्विक हील' उभं राहिलं. १९९५ साली कंपनी झाली, २००७ मध्ये तिला क्विक हील टेक्नॉलॉजीज हे नाव मिळालं आणि २०१६ मध्ये ती शेअर बाजारात आली.

गंमत बघा, १९८६ साली पीसीवर पसरलेला 'ब्रेन' हा सुरुवातीचा व्हायरसही लाहोरच्या दोन भावांनीच लिहिला होता. दोन्हीकडे दोन भाऊ, कॉम्प्युटर आणि डोकं. हातातली कला कुठे लावायची, हा प्रश्न मुलांसमोर ठेवून बघा. चर्चा चांगली रंगते.

घरचा अभ्यास

या रविवारी आई-वडिलांनी मुलाला शेजारी बसवून चार गोष्टी कराव्यात. घरच्या कॉम्प्युटरवर अँटिव्हायरस कोणता आहे आणि त्याची मुदत आहे का, ते बघा. सूट दिलेल्या फोल्डरांची यादी उघडा, तिथे नको ती नावं असतील तर काढा. एक क्विक स्कॅन करा. आणि गेमची वेळ मोजून वहीत लिहा.

यातलं बरंचसं मुलालाच जास्त येत असेल. येऊ द्या, त्यालाच करायला सांगा आणि तुम्ही विचारत राहा, "हे का केलंस?" घराची राखण करायची जबाबदारी त्याच्याकडे दिली, की तोच राखणदाराला घरी पाठवणार नाही.