एक नदी, एक कासव

कासव म्हटलं की आपल्याला काय आठवतं? देवळात गाभाऱ्यासमोर बसलेलं दगडी कासव, सशाला हरवणारं गोष्टीतलं कासव, नाहीतर कोकणातल्या वेळासच्या किनाऱ्यावरची समुद्री कासवं. कॉन्व्हेंटमध्ये आम्हाला टर्टल वेगळा, टॉर्टॉइज वेगळा, टेरापिन आणखी वेगळा असं घोकावं लागायचं. मराठी मात्र तिघांनाही 'कासव' म्हणून मोकळी होते!

आज ज्याच्याबद्दल लिहितेय ते कासव आपल्याकडे नाही. ते राहतं अमेरिकेत आणि थोडंसं कॅनडात, तेही गोड्या पाण्यात. नाव मॅप टर्टल, म्हणजे सरळ मराठीत 'नकाशा कासव'. मुंबई-पुण्याच्या अ‍ॅक्वेरियमच्या दुकानांत कानामागे लाल पट्टा असलेलं छोटं हिरवं कासव तुम्ही पाहिलं असेल. ते याचंच जवळचं नातेवाईक. तेही मूळचं अमेरिकेतलंच.

नकाशा कुठे आहे?

पाठीवर. कवचावर बारीक पिवळट रेषांचं जाळं असतं. सर्व्हेइंगच्या प्रॅक्टिकलला आपण टोपोशीट उघडतो ना, तिच्यावरच्या कॉन्टूर लाइन्ससारखंच अगदी. लुई अगासिझ या शास्त्रज्ञाने १८५७ साली या गटाला 'ग्रॅप्टेमिस' हे नाव दिलं. ग्रीक भाषेत 'ग्राप्टोस' म्हणजे लिहिलेलं आणि 'एमिस' म्हणजे कासव. काही जातींच्या पाठीच्या मध्यावर करवतीच्या दातांसारखे उंचवटे असतात, त्यामुळे त्यांना 'सॉबॅक' असंही म्हणतात.

नर आणि मादी शेजारी ठेवले तर दोन वेगळ्या जाती वाटतील. उत्तरेकडच्या नकाशा कासवाची मादी २७ सेंटीमीटरपर्यंत वाढते, नर मात्र १६ च्या पुढे जात नाही. कित्येक जातींत मादीचं डोकं रुंद आणि जबडा दणकट असतो. ती गोगलगायी आणि शिंपले कडाकडा फोडून खाते. नर बिचारा किड्यांवर भागवतो. एकाच नदीत, एकाच ओंडक्यावर राहून दोघांची मेस वेगळी!

पत्ता: फक्त नदीचं नाव

नकाशा कासवांच्या साधारण १४ जाती मानल्या जातात. त्यातली उत्तरेकडची जात खूप पसरलेली आहे. कॅनडातल्या क्यूबेक-ओंटारिओपासून ग्रेट लेक्स, आणि तिथून खाली दक्षिणेपर्यंत. पण खरी गंमत मेक्सिकोच्या आखाताला मिळणाऱ्या नद्यांमध्ये आहे. तिथे जवळजवळ प्रत्येक नदीचं स्वतःचं कासव आहे.

पर्ल, पास्कागूला आणि मोबाइल उपसागराला मिळणारा अलाबामा नदीचा परिवार, या तीन शेजारी नदीखोऱ्यांकडे बघा. पर्लमध्ये कवचावर पिवळ्या कड्या असलेली एक जात आणि दुसरी रुंद डोक्याची पर्ल रिव्हर जात. पास्कागूलात पिवळ्या ठिपक्यांची एक आणि रुंद डोक्याची एक. अलाबामाच्या खोऱ्यात पाठीवर काळे उंचवटे असलेली एक आणि पुन्हा रुंद डोक्याची एक. म्हणजे प्रत्येक खोऱ्यात एक जोडी, आणि तिन्ही जोड्या वेगळ्या. या सहांपैकी कुणीही शेजारच्या नदीत राहत नाही.

असं का झालं असावं? हे कासव नदी सोडून जमिनीवर फार लांब जात नाही. नदीच्या मुखाशी गेलं तर पुढे खारं पाणी. म्हणजे वाटेत एकीकडे डोंगर-जमीन आणि दुसरीकडे समुद्र. हिमयुगांच्या काळात समुद्राची पातळी खाली-वर होत राहिली, तशी नद्यांची मुखं जवळ आली आणि पुन्हा दुरावली, आणि एकेका नदीत अडकलेली कासवं हजारो पिढ्यांत वेगळी होत गेली, असं शास्त्रज्ञ मानतात.

आपल्याला हे कळायलाही बराच वेळ लागला बरं का. रुंद डोक्याच्या या कासवांना आधी एकच जात समजत होते. १९९२ साली त्यांच्या तीन जाती केल्या. मग २०१० साली पर्ल नदीतलं कासव पास्कागूलातल्या कासवापेक्षा वेगळं आहे हे लक्षात आलं. आणि २०२४ मध्ये त्याच पर्ल नदीच्या कासवाचं नाव अमेरिकेच्या संकटग्रस्त प्राण्यांच्या यादीत दाखल झालं. ओळख झाल्यापासून जेमतेम १४ वर्षांत!

आता इंजिनिअरिंगचा भाग

आपण नदी कशी शिकतो? डिस्चार्ज किती क्युमेक, ग्रेडियंट किती, कॅचमेंट केवढं. कासवाची नदी यापेक्षा मोठी आहे. त्याला चार गोष्टी लागतात.

पहिली, ओंडके. पुरात पडून पाण्यात अडकलेल्या झाडांवर बसून ही कासवं तासन् तास ऊन खातात. ऊन मिळालं नाही तर थंड रक्ताच्या प्राण्याचं पचनसुद्धा नीट होत नाही. पण बोटींच्या दृष्टीने ओंडका म्हणजे अडथळा. १८२९ साली हेन्री श्रीव्हने 'हेलिओपोलिस' नावाची ओंडके उपटणारी खास बोट बांधली, आणि अमेरिकन नद्या 'साफ' करणं हे सरकारी काम होतं. जी नदी आपल्याला स्वच्छ दिसते, ती कासवासाठी खुर्च्या उचलून नेलेला हॉल असते.

दुसरी, वाळू. मादी अंडी घालते ती काठावरच्या उघड्या वाळूत. पिल्लू नर होणार की मादी, हे त्या वाळूचं तापमान ठरवतं. साधारण २५ अंश सेल्सिअसला जवळपास सगळे नर, आणि ३० च्या वर जवळपास सगळ्या माद्या. जेम्स बुल आणि रिचर्ड व्होग्ट यांनी १९७९ साली हे दाखवून दिलं तेव्हा ही कासवं त्यांच्या अभ्यासात होती. आता धरण बांधलं की वाळू वरच अडकते, खालच्या वाळूपट्ट्यांवर झुडपं माजतात, सावली पडते. आणि भलत्या वेळी पाणी सोडलं तर अंडी बुडतात. वाळूउपशाबद्दल तर महाराष्ट्रातल्या वाचकांना मी काय वेगळं सांगणार?

तिसरी, शिंपले-गोगलगायी. ही मंडळी गाळाने गुदमरतात. ती गेली की मादीचं जेवण गेलं.

चौथी, पाण्यातला ऑक्सिजन. थंडीत उत्तरेकडचं कासव नदीच्या तळाशी महिनोन् महिने पडून राहतं. वर बर्फ असल्यामुळे श्वास घ्यायला येता येत नाही. मग ते पाण्यात विरघळलेला ऑक्सिजन त्वचेतून घेतं. एन्व्हायर्नमेंटच्या लॅबमध्ये आपण डीओ काढतो, रीडिंग जमलं नाही तर शेजारच्या ग्रुपचं उतरवतो आणि सबमिशन उरकतो. त्या कासवासाठी तो आकडा म्हणजे हिवाळा निघणार की नाही याचं उत्तर आहे.

सतरा तास

२५ जुलै २०१० च्या संध्याकाळी मिशिगन राज्यात मार्शल गावाजवळ एन्ब्रिज कंपनीची तेलाची पाइपलाइन फुटली. कंट्रोल रूममध्ये अलार्म वाजले. ऑपरेटरना वाटलं, पाइपमध्ये तेलाचा स्तंभ तुटून पोकळी झाली असेल. म्हणून त्यांनी पंप पुन्हा सुरू केले, तेही दोनदा. गळती आहे हे कळायला १७ तास गेले, आणि कळलं तेही बाहेरच्या माणसाच्या फोनमुळे. तोवर सुमारे ३२ लाख लिटर तेल बाहेर पडलं होतं आणि कालामाझू नदीत उतरत होतं. नंतर हजारो कासवं पकडून, हाताने पुसून-धुऊन सोडावी लागली. त्यांत सर्वांत जास्त होती ती नकाशा कासवं.

पाइपची भिंत, कोटिंग, अलार्मची लिमिट हे सगळं आपल्या सिलॅबसमध्ये आहे. 'फॉल्स अलार्म असेल' ही सवय मात्र कुठल्याच पेपरात नाही.

मग करायचं काय?

काही गोष्टी झाल्या आहेत. पर्लच्या कड्यांच्या कासवाला १९८६ साली आणि पास्कागूलाच्या ठिपक्यांच्या कासवाला १९९१ साली अमेरिकेत कायद्याचं संरक्षण मिळालं. पाळण्यासाठी होणाऱ्या व्यापारावरही लक्ष आहे. रुंद डोक्याच्या पाच जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर २०२२ च्या परिषदेत आणखी कडक नियम लागू करायचं ठरलं. पास्कागूलाच्या मुख्य प्रवाहावर आजही मोठं धरण नाही, ही त्यातल्या त्यात चांगली बातमी.

पण कायदा कासवाला वाचवतो, नदीला नाही. वाघाला एका जंगलातून दुसऱ्या जंगलात हलवता येतं. पर्ल नदीच्या कासवाला हलवायचं कुठे? त्याच्याकडे दुसरी नदीच नाही. आणि ती नदी कशी वाहणार हे ठरवणारे लोक जीवशास्त्रवाले नसतात. ते आपल्यासारखेच सिव्हिल, मेकॅनिकल आणि इन्स्ट्रुमेंटेशनवाले असतात.

उद्या आपल्यापैकी कुणाच्या तरी टेबलावर एखाद्या नदीचं ड्रॉइंग येईल. तिच्यात किती क्युमेक पाणी आहे हे आपण पहिल्याच पानावर लिहू. तिच्यात कोण राहतं, यासाठीही एक ओळ ठेवू या.