युरोलीग म्हणजे धाकटी एनबीए नव्हे

युरोलीगचा २०२५-२६ चा हंगाम सप्टेंबरअखेरीस सुरू झाला आणि त्या हंगामापासून स्पर्धेचा पसाराच वाढला. संघ १८ वरून २० झाले, तर साखळी फेरीत प्रत्येकाच्या वाट्याला ३४ ऐवजी ३८ सामने आले. आपल्याकडे बास्केटबॉल म्हटले की एनबीएच डोळ्यांसमोर येते आणि युरोपातली ही लीगही त्याच मापाने मोजली जाते. त्यातून काही गैरसमज घट्ट रुजले आहेत.

गैरसमज : युरोलीग ‘फिबा’ म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघ चालवतो.

वस्तुस्थिती : १९५८ मध्ये ही स्पर्धा सुरू केली ती फिबानेच. पहिली तिन्ही विजेतेपदे रिगाच्या एएसके संघाने पटकावली. २००० साली मात्र बडे क्लब बाहेर पडले आणि त्यांनी स्वतःची लीग काढली. २००१ मध्ये युरोपला चक्क दोन विजेते मिळाले : क्लबांच्या लीगमध्ये किंडर बोलोन्या, फिबाच्या स्पर्धेत मक्काबी तेल अवीव. फिबाने २०१६ मध्ये बास्केटबॉल चॅम्पियन्स लीग उभी केली. बर्लिनचा आल्बा संघ २०२५ मध्ये युरोलीग सोडून तिकडेच गेला.

गैरसमज : आपल्या देशाची लीग जिंकली की प्रवेश नक्की.

वस्तुस्थिती : फुटबॉल पाहणाऱ्यांना तसे वाटणे स्वाभाविक आहे. पण इथे ठरावीक मोठ्या क्लबांकडे दीर्घ मुदतीचे परवाने असतात आणि उरलेल्या जागांपैकी काही निमंत्रणाने भरतात. २०२३ मध्ये उल्म संघ जर्मनीचा विजेता झाला, तरी पुढच्या हंगामात तो दुसऱ्या पातळीच्या युरोकपमध्येच खेळला. खेळाच्या जोरावर वर येण्याची वाट म्हणजे युरोकप जिंकणे. त्या वाटेने २०२४ मध्ये पॅरिसचा संघ आला आणि पहिल्याच हंगामात उपांत्यपूर्व फेरीपर्यंत पोहोचला. २०२५ मध्ये हापोएल तेल अवीव त्याच मार्गाने आला.

गैरसमज : फक्त युरोपातले संघ खेळतात.

वस्तुस्थिती : इस्रायलच्या मक्काबीच्या नावावर सहा युरोपीय विजेतेपदे आहेत. २०२५-२६ च्या हंगामात दुबईचा संघही दाखल झाला. २०२५ ची अंतिम फेरी तर अबू धाबीत झाली होती.

गैरसमज : एनबीएत ८२ सामने, इथे निम्म्याहून कमी, म्हणजे दगदग कमी.

वस्तुस्थिती : युरोलीगचे संघ त्याच आठवड्यांत आपापल्या देशातली लीगही खेळतात. रेआल माद्रिदचे युरोलीगमध्ये ३८ आणि स्पेनच्या लीगमध्ये ३४, असे ७२ सामने तर साखळीतच होतात. बाद फेऱ्या आणि देशांतर्गत चषक वेगळे. मध्ये दुसऱ्या देशातला प्रवास आहेच.

गैरसमज : साखळीत अव्वल तोच बहुधा विजेता.

वस्तुस्थिती : पहिले सहा संघ थेट बाद फेरीत जातात, सातव्या ते दहाव्या क्रमांकाचे संघ उरलेल्या दोन जागांसाठी झुंजतात. मग पाच सामन्यांच्या मालिका होतात. तिथून पुढे ‘फायनल फोर’मध्ये मालिका नाही : एकच उपांत्य सामना, एकच अंतिम सामना. ऑलिंपियाकोसला ही रचना चांगलीच भोवली आहे. २०२३ मध्ये साखळीत पहिला आलेला हा संघ अंतिम सामन्यात रेआल माद्रिदच्या सर्जिओ युलने अखेरच्या क्षणी केलेल्या बास्केटमुळे ७८-७९ असा हरला. २०२५ मध्येही तो साखळीत पहिलाच होता, पण उपांत्य सामन्यात मोनाकोने त्याला बाहेर काढले. विजेता ठरला तो मोनाकोला ८१-७० ने हरवणारा फेनरबाचे.

गैरसमज : एनबीएत जागा न मिळालेल्यांची ही लीग, म्हणून गुणही कमी होतात.

वस्तुस्थिती : गुण कमी होण्याचे पहिले कारण घड्याळ आहे. एनबीएचा सामना ४८ मिनिटांचा, इथला ४० मिनिटांचा. दुसरे कारण बचाव. एनबीएत बचावपटूला कोणाला अडवत नसताना बास्केटखालच्या रंगीत पट्ट्यात तीन सेकंदांहून जास्त थांबता येत नाही. इथे तशी मनाई नाही. त्यामुळे उंच खेळाडू रिंगखाली ठाण मांडतो आणि आत घुसणे अवघड होते. चेंडू एकदा रिंगला लागला की त्याला कोणीही हात घालू शकतो. पाच फाऊल झाले की खेळाडू बाहेर. एनबीएत सहाव्या फाऊलला बाहेर जावे लागते.

लुका डॉनचिच याच मैदानांवर घडला. २०१८ मध्ये १९ व्या वर्षी त्याने रेआल माद्रिदला विजेतेपद मिळवून दिले आणि तोच लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. गुण करणे युरोपपेक्षा एनबीएत सोपे जाते, असे त्याने पुढे जाहीरपणे सांगितले. मात्र युरोपातून आलेला प्रत्येक तारा युरोलीगचाच, हेही खरे नाही. निकोला योकिच आणि यानिस आंतेतोकुनम्पो एनबीएत जाण्यापूर्वी युरोलीगमध्ये एकदाही खेळले नव्हते.

सामने बहुतेक करून आठवड्याच्या मधल्या दिवसांत, युरोपातल्या संध्याकाळी होतात; भारतात तेव्हा मध्यरात्र जवळ आलेली असते. तरीही एखाद्या रात्री जागून ऑलिंपियाकोस आणि पॅनाथिनाइकोस या ग्रीसमधल्या कट्टर प्रतिस्पर्ध्यांचा सामना शेवटपर्यंत जरूर पाहावा. मे २०२६ च्या फायनल फोरसाठी तर अथेन्सचीच निवड झाली.