माता हारी आणि केळीची फणी

इंडोनेशियातल्या मुलाच्या बोलण्यात सूर्य 'माता हारी' असतो. तिथे 'माता' म्हणजे आई नव्हे, डोळा. 'हारी' म्हणजे दिवस. सूर्य हा दिवसाचा डोळा. झरा म्हणजे 'माता आइर', पाण्याचा डोळा. जिन्याची पायरी म्हणजे 'आनाक तांगा', शिडीचे मूल. आणि अंगठा म्हणजे 'इबू जारी', बोटांची आई. मोठी माणसे हे शब्द सवयीने उच्चारतात. नुकत्याच बोलू लागलेल्या मुलाला मात्र त्यांत खरोखरीचा डोळा आणि खरोखरीची आई दिसू शकते.

हे आपल्याला परके वाटायचे कारण नाही. आमचा अर्धापूरचा परिसर म्हणजे इसापूर धरणाच्या पाण्यावर पोसलेला केळीचा मुलूख. घडातल्या एका झुपक्याला आपण फणी म्हणतो. इंडोनेशियन भाषेत त्यालाच 'सीसिर' म्हणतात, आणि सीसिर म्हणजेही केस विंचरायची फणी. बुंध्याशी फुटणाऱ्या कोंबांना आपण पिले म्हणतो. तिकडे त्यांना 'आनाकान' म्हणतात, 'आनाक' म्हणजे मूल यावरून. केळफूल तिकडे 'जान्तुंग पीसांग', केळीचे काळीज. गुरू, भाषा, वर्ण हे शब्द संस्कृतातून त्या बेटांवर गेले. फणीचे तसे नाही. इथे शब्द वेगळे आहेत, पाहणे एक आहे. उसाच्या कांडीला डोळा, करवतीला दात, चंद्राला मामा म्हणणारी मराठी याच रीतीने पाहते.

लहान मूल सूर्याला, वाऱ्याला जिवंत मानते, असे स्विस मानसशास्त्रज्ञ ज्यां पियाजे यांनी १९२०च्या दशकात मांडले. त्यांना ती अपक्व विचाराची खूण वाटली. पुढच्या संशोधकांनी हे मत बरेच सुधारले. जपानमध्ये कायोको इनागाकी यांनी १९९०मध्ये घरी गोल्डफिश पाळणाऱ्या पाच वर्षांच्या मुलांचा अभ्यास प्रसिद्ध केला. ही मुले कधी न पाळलेल्या बेडकाविषयीही आपल्या माशावरून नेमका तर्क करत होती. म्हणजे मूल भ्रमात नसते. हाताळलेल्या, सांभाळलेल्या वस्तूचा आधार घेऊन ते अनोळखी वस्तूपर्यंत पोचते. आपले शरीर, आपले घर आणि आपण जोपासलेले काही, एवढेच त्याचे भांडवल.

हे भांडवल शाळेच्या दारात काढून घेतले जाते, ही माझी खरी चिंता आहे. इंडोनेशियात सातशेहून अधिक भाषा आहेत. १९२८मध्ये २८ ऑक्टोबरला तरुणांच्या परिषदेने इंडोनेशियन ही एकतेची भाषा म्हणून स्वीकारली. ती देशाला उपयोगी पडली. पण जावानीज किंवा सुंदानीज बोलणाऱ्या घरातल्या मुलाला शाळेत पहिल्या दिवसापासून दुसरी भाषा सांभाळावी लागते. आपल्याकडे केळीच्या बागेत वाढलेले मूल 'ए फॉर अ‍ॅपल' घोकते. सफरचंदाचे झाड त्याने पाहिलेले नसते. पिले कधी काढायची, कोणते राखायचे, घडाला टेकू कसा द्यायचा हे ते घरात रोज ऐकते. वहीत मात्र याला जागा नसते.

इंग्रजी शिकवू नये, असे माझे म्हणणे नाही. इंग्रजीतही केळ्याच्या फणीला 'हँड' आणि एकेका केळ्याला 'फिंगर' म्हणतात. फणी, सीसिर आणि हात हे तीन शब्द एका घडाजवळ उभे राहून शिकवता येतात. १९७५मध्ये सुरू झालेल्या एकात्मिक बालविकास योजनेने आपल्या केंद्राला अंगणवाडी हे नाव दिले. त्या नावातले अंगण खरे करायचे, तर आठवड्यातून एकदा तरी मुलांना बागेत न्यावे आणि आधी त्यांनाच विचारावे: हे कशासारखे दिसते? उत्तर ऐकून मगच पुस्तकातला शब्द सांगावा.